वळवाचे वादळ : इशारा आणि सिद्धता

(तालुक्याच्या गावी भरलेल्या वसंत व्याख्यानमालेतील भाषणाचे शब्दांकन)



या व्यासपीठावरून आपण आजवर इतिहास, साहित्य आणि अध्यात्म यांविषयी पुष्कळ ऐकले आहे. आज मी आपला तासभर ढगांसाठी मागून घेतला आहे. वैशाखातील संध्याकाळ आहे, दिवसभर अंगाची काहिली झाली आहे, आणि आपण शाळेच्या उघड्या पटांगणावर कापडी मांडवाखाली बसलो आहोत. वळवाचे वादळ येते ते याच दिवसांत आणि बहुधा याच वेळी. म्हणून आल्या आल्या मी कार्यकर्त्यांना दोन प्रश्न विचारले. आजचा हवामानाचा इशारा कोणी पाहिला आहे काय? आणि वादळ आलेच, तर समोरच्या शाळेच्या वर्गांच्या किल्ल्या कोणाकडे आहेत? उत्तरे काय मिळाली ते शेवटी सांगेन.

प्रारंभी माझ्या घरातील एक जुनी गोष्ट सांगतो. मी लहान असताना आमचे थोरले काका शेतात वीज पडून गेले. उन्हाळी नांगरट चालू होती. आभाळ भरून आले, टपोरे थेंब पडू लागले, तेव्हा त्यांनी बैल सोडले आणि बांधावरच्या आंब्याखाली आसरा घेतला. काका आणि दोन्ही बैल तेथेच गेले. गावाने कारण सांगितले ते असे, की काका पायाळू होते आणि पायाळू माणसावर वीज पडतेच. घरातल्यांनीही ते मान्य केले. पुढच्या वर्षी, त्याच आंब्याखाली, पाऊस आल्यावर माणसे पुन्हा उभी राहिलीच; कारण ती पायाळू नव्हती!

पुढे मी आयुष्यभर मुलांना विज्ञान शिकवले. माणूस जन्मताना पायांकडून आला की डोक्याकडून, याचे विजेला काहीही सोयरसुतक नसते. ती उंच, एकट्या वस्तूकडे ओढ घेते. काकांचा घात त्यांच्या जन्माने केला नाही, त्यांच्या उभे राहण्याच्या जागेने केला. चुकीचे कारण एकदा स्वीकारले, की खरे कारण शोधण्याची गरजच उरत नाही. आणि खरे कारण कळले नाही, की आंब्याखाली पुन्हा कोणीतरी उभे राहते. त्या काळी इशारा देणारी यंत्रणा गावापर्यंत पोहोचत नव्हती. आज इशारा प्रत्येकाच्या खिशात येतो. तरीही राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या नोंदीनुसार २०२२ या एका वर्षात देशात विजेने २,८८७ माणसे दगावली. निरोप पोहोचतो आहे, पण त्याप्रमाणे वागणे अजून आपल्या अंगवळणी पडलेले नाही. आजचे माझे सांगणे एवढ्याचपुरते आहे.

आधी हे वादळ जन्मते कसे ते पाहू. एप्रिल-मेमध्ये दख्खनचे पठार तापते. जमिनीलगतची हवा हलकी होऊन वर चढू लागते. समुद्रावरून आलेली दमट हवा आणि उत्तरेकडून येणारी कोरडी हवा यांची गाठ बहुधा विदर्भ-मराठवाड्यापासून कर्नाटकाकडे जाणाऱ्या एका पट्ट्यात पडते. दमट हवा वर गेली की तिच्यातील बाष्पाचे पाणी होते, त्यातून उष्णता बाहेर पडते, ती हवेला आणखी वर ढकलते. पाहता पाहता बारा-पंधरा किलोमीटर उंचीचा ढग उभा राहतो. त्याचा माथा लोहाराच्या ऐरणीसारखा पसरतो. त्याच्या उदरात हिमकण आणि गारा यांची घुसळण होते आणि त्या घर्षणातून विद्युतभार विलग होतो. तोच पुढे वीज होऊन कोसळतो. विजेच्या वाटेवरील हवा क्षणार्धात सुमारे तीस हजार अंश सेल्सिअसपर्यंत तापते आणि स्फोटासारखी प्रसरण पावते. तो स्फोट म्हणजे गडगडाट.

या ढगातून पावसाबरोबर थंड, जड हवा वेगाने खाली आदळते आणि जमिनीवर चहूबाजूंना पसरते. उकाड्यात अचानक थंडगार झुळूक आली, मातीचा वास सुटला, की आपण सुखावतो आणि अंगणात येतो. ती झुळूक म्हणजे वादळाची आघाडी होय. ती आली म्हणजे आत जाण्याची वेळ झाली, असे समजावे.

आता इशाऱ्याकडे वळू. आपला भारतीय हवामान विभाग १८७५ साली स्थापन झाला. १८६४ साली कलकत्त्यावर चक्रीवादळ आले आणि त्यानंतरच्या वर्षांत पाऊस हुकून दुष्काळ पडले, त्यांतून अशा विभागाची निकड भासली. त्याचे मुख्यालय १९२८ मध्ये सिमल्याहून पुण्याला आले. पुण्याच्या शिवाजीनगरात त्या जागेला लोक आजही ‘सिमला ऑफिस’ म्हणतात. पुढे मुख्यालय दिल्लीला गेले, पण हवामानाचे मोठे काम पुण्यात चालूच राहिले. पाऊस मोजण्याची दृष्टी तर आपल्याकडे फारच जुनी आहे. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात कोठारापाशी पर्जन्यमापनाचे पात्र ठेवण्याचा उल्लेख येतो. ज्या भूमीत पाऊस मोजून पेरणीचे नियोजन करण्याचा विचार इतक्या पूर्वी झाला, तेथे “हवामान खात्याचे काही खरे नसते” हे वाक्य विनोद म्हणून इतके लोकप्रिय व्हावे, याचा थोडा विचार करण्यासारखा आहे.

हा विनोद का निर्माण होतो? कारण इशाऱ्याची भाषा आपण वाचायला शिकलेलो नाही. बातमीपत्रात वाक्य येते, ‘मराठवाड्यात तुरळक ठिकाणी मेघगर्जनेसह पावसाची शक्यता.’ आपल्या गावात थेंबही पडत नाही आणि आपण म्हणतो, अंदाज चुकला. परंतु ‘तुरळक ठिकाणी’ या शब्दांना हवामानशास्त्रात निश्चित अर्थ आहे. त्या विभागातील जास्तीत जास्त पंचवीस टक्के केंद्रांवर पाऊस होईल, असा तो अर्थ. ‘काही ठिकाणी’ म्हणजे पन्नास टक्क्यांपर्यंत, ‘बऱ्याच ठिकाणी’ म्हणजे पंचाहत्तर टक्क्यांपर्यंत आणि ‘बहुतांश ठिकाणी’ म्हणजे त्याहून अधिक. तेव्हा चारांपैकी तीन गावे कोरडी राहिली तरी ‘तुरळक’चा अंदाज खरा ठरलेला असतो. चौथ्या गावात मात्र कोणाचा तरी गोठा उडालेला असतो.

मग आपले गाव कोणते, हे दोन दिवस आधी का सांगता येत नाही? गॅसवर पाण्याचे पातेले ठेवले, तर ते दहा मिनिटांत उकळेल हे गृहिणी खात्रीने सांगते. पहिला बुडबुडा तळाच्या कोणत्या बिंदूवरून निघेल हे ती सांगू शकत नाही. वळवाचे ढग त्या बुडबुड्यांसारखे असतात. एकेका ढगाचा विस्तार काही किलोमीटरचा, आयुष्य बहुधा तासाभराचे. म्हणून इशारा पायऱ्यापायऱ्यांनी येतो. चार-पाच दिवस आधीचा जिल्हानिहाय इशारा सांगतो, की पातेले तापते आहे. डॉपलर रडार आणि उपग्रह यांवरून पुढील तीन तासांपुरता जो तात्काळ इशारा निघतो, तो बुडबुडा कोठे उठला ते सांगतो. पहिला इशारा तयारीसाठी असतो, दुसरा कृतीसाठी. पहिल्यावर घाबरायचे नाही आणि दुसऱ्यावर चर्चा करीत बसायचे नाही.

रंगांचेही असेच आहे. हिरवा म्हणजे इशारा नाही. पिवळा म्हणजे लक्ष ठेवा. नारिंगी म्हणजे सज्ज राहा. लाल म्हणजे कृती करा. आपल्याकडे समज असा, की लाल रंग आला तरच धोका आणि पिवळा म्हणजे नेहमीचेच. हा समज घातक आहे. विजांच्या कडकडाटाचा आणि ताशी तीस-चाळीस किलोमीटर वाऱ्याचा इशारा आपल्या राज्यात बहुतेकदा पिवळ्याच रंगात येतो. रंग ठरतो तो सबंध जिल्ह्याचा विचार करून. आपल्या शेतात पडणारी एक वीज मात्र जिल्ह्याचा रंग विचारीत नाही. वाऱ्याचे आकडेही वाचावेत. झोतांचा वेग ताशी बासष्ट किलोमीटरच्या पुढे गेला की त्या वादळाला ‘तीव्र’ म्हणतात आणि सत्त्याऐंशीच्या पुढे गेला की ‘अतितीव्र’. इशाऱ्यात ‘पन्नास ते साठ’ हा आकडा दिसला, की सैल पत्रे, वाळलेल्या फांद्या आणि जाहिरातींचे फलक यांचा विचार त्याच दिवशी सकाळी करावा.

विजेसाठी पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने ‘दामिनी’ हे मोबाइल अ‍ॅप तयार केले आहे. देशभर बसवलेल्या संवेदकांच्या जाळ्यावरून वीज कोठे पडते आहे हे ते टिपते, आणि आपल्यापासून वीस ते चाळीस किलोमीटरच्या परिघात विजा असतील तर सूचना देते. राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाचे ‘सचेत’ही आहे. घरातील तरुणांनी ही साधने वडीलधाऱ्यांच्या फोनवर घालून द्यावीत आणि स्थान-सेवा चालू ठेवावी. मोबाइलमुळे वीज ओढली जाते ही समजूत निराधार आहे; भीती आहे ती चार्जिंगच्या वायरला जोडलेल्या फोनची.

पण फोन नसेल, रेंज नसेल, तर? तर डोळे आणि कान हे इशारा देणारे आद्य यंत्र आहे. वीज चमकली की सेकंद मोजावेत. आवाज एक किलोमीटर येण्यास सुमारे तीन सेकंद घेतो. म्हणून सेकंदांना तिनाने भागले की विजेचे अंतर किलोमीटरमध्ये मिळते. चमक आणि गडगडाट यांत तीस सेकंदांहून कमी अंतर असेल, तर वीज दहा किलोमीटरच्या आत आहे, आणि पुढची तुमच्यापाशी पडू शकते. तत्काळ आत जावे आणि शेवटचा गडगडाट ऐकल्यानंतर आणखी तीस मिनिटे आतच राहावे. पाऊस थांबला म्हणून लगेच बाहेर पडू नये. मुले गारा आणि कैऱ्या वेचायला धावतात ती याच वेळी. त्यांना थोपवणे हे घरच्या मोठ्यांचे काम.

‘आत’ म्हणजे कोठे? पक्क्या बांधकामाच्या घरात किंवा बंद टपाच्या वाहनात. एस. टी. बस, मोटार चालेल. ट्रॅक्टर, मोटारसायकल नाही. शेतातील माचाण, गवताची खोप, चहूबाजूंनी उघडी शेड, देवळाचा उघडा सभामंडप हे पावसापासून वाचवतात, विजेपासून वाचवतीलच असे नाही. झाडाखाली तर कधीच नाही. वीज अंगावर थेट पडून मरणारे थोडेच असतात. झाडावर पडलेली वीज बाजूला उडी घेते आणि जमिनीतूनही पसरते, त्याने अधिक बळी जातात. गुरांचे पुढचे आणि मागचे पाय दूर असतात, म्हणून जमिनीतील प्रवाह त्यांच्या देहातून वाहतो आणि एका झाडाखाली बांधलेली सारी गुरे एकदम दगावतात. आमच्या बैलांचे तेच झाले. आकाश गडगडू लागण्यापूर्वीच जनावरे झाडापासून आणि तारेच्या कुंपणापासून दूर न्यावीत. उघड्या रानात अडकलाच, तर एकमेकांपासून अंतर ठेवावे, सखल जागी पाय जुळवून उकिडवे बसावे, कान झाकावेत, आडवे पडू नये. हा शेवटचा उपाय आहे. तो सुरक्षितता देत नाही, धोका थोडा कमी करतो, एवढेच.

आता घराची सिद्धता. ती चैत्रातच करावयाची असते. घरावर आलेल्या वाळक्या फांद्या उतरवाव्यात. पत्र्यांचे हूक आणि नट तपासून कसावेत. पत्रा उडू नये म्हणून वर दगड ठेवण्याची आपल्याकडे सर्रास पद्धत आहे; वादळात पत्रा उचलला गेला की तेच दगड खाली निजलेल्यांवर पडतात. दगड उतरवावेत आणि पत्रे नीट बांधून घ्यावेत. बाळाची झोळी पत्र्याच्या लोखंडी अँगलला बांधू नये. गच्चीवरील रिकामी टाकी, सौरपाट्या, कुंड्या पक्क्या कराव्यात. कडब्याची गंजी आणि काढणी झालेला कांदा-हळद यांवरची ताडपत्री दोरांनी बांधून ठेवावी. शक्य तेथे शाळा, मंदिर, ग्रामपंचायत यांवर तडितरक्षक बसवावा आणि त्याची जमिनीत गेलेली पट्टी तुटलेली नाही ना, हे दरवर्षी पाहावे. तुटक्या पट्टीचा तडितरक्षक नसण्यापेक्षा वाईट. तो विजेला वर बोलावतो आणि खाली वाट देत नाही.

ज्या दिवशी इशारा असेल, त्या दिवशी दुपारी फोन आणि विजेरी पूर्ण चार्ज करून ठेवाव्यात, पिण्याचे पाणी भरावे, वृद्धांची औषधे हाताशी असावीत. वादळ जवळ येण्यापूर्वी दूरदर्शन संच आणि पंपाचे प्लग काढावेत. कडकडाट सुरू झाल्यावर त्यांना हात लावू नये. खिडक्या लावून त्यांच्यापासून दूर बसावे. वीज चमकत असताना आंघोळ, भांडी, नळाचे पाणी टाळावे. धातूच्या नळांतून प्रवाह येऊ शकतो. वादळानंतर वाटेत तुटलेली तार दिसली तर ती मेलेली आहे असे कधीही धरू नये; कोणालाही जवळ जाऊ न देता महावितरणला १९१२ वर कळवावे.

आणि एक गोष्ट प्रत्येक घरातील दोघांना तरी यायलाच हवी. विजेचा आघात झालेल्या माणसाच्या अंगात वीज उरत नाही. त्याला स्पर्श करण्यास लोक भितात आणि त्या भीतीत मोलाची मिनिटे जातात. आधी स्वतः सुरक्षित आहोत ना हे पाहून त्याला हलवून पाहावे. श्वास नसेल तर १०८ ला फोन लावून छातीच्या मध्यभागी दोन्ही तळव्यांनी, मिनिटाला शंभर ते एकशेवीस या गतीने दाब देण्यास आरंभ करावा आणि रुग्णवाहिका येईपर्यंत थांबू नये. विजेने थांबलेले हृदय अशा दाबाने पुन्हा चालू होऊ शकते. आमच्या काकांना कोणी हात लावला नव्हता.

बंधुभगिनींनो, आतापर्यंत घराविषयी बोललो. आता जे माणसे एकत्र जमवतात त्यांच्याविषयी. ९ एप्रिल २०२३ रोजी अकोला जिल्ह्यातील पारस येथे एका संस्थानात भाविक जमले होते. वादळी पाऊस आला, लोक पत्र्याच्या शेडखाली गेले, आणि जवळचा जुना प्रचंड लिंब त्या शेडवर कोसळला. सात जण गेले. १३ मे २०२४ रोजी मुंबईत घाटकोपरला धुळीचे वादळ उठले आणि एकशेवीस फुटी जाहिरात फलक पेट्रोल पंपावर पडला. सतरा जण गेले. फलकाच्या बाबतीत नियम कोणी मोडले याचा निवाडा न्यायालय करील. पण या दोन्ही ठिकाणी जे गेले, ते बेफिकीर नव्हते. पावसात जो आसरा दिसला तो त्यांनी घेतला. आसरा कोणता खरा आणि कोणता खोटा, हे वादळ येण्यापूर्वी ठरवून ठेवणे हे त्या जागेच्या चालकांचे आणि व्यवस्थेचे काम होते.

आपल्या समाजाला एकत्र येण्याची हौस आहे आणि ती चांगली आहे. जत्रा, सप्ताह, लग्नकार्य, मुलांची शिबिरे, मैदानावरचे खेळ हे सारे नेमके याच महिन्यांत भरते. माणसे आपल्या शब्दावर येतात. त्यांना बोलावणाऱ्याने सतरंज्या, ध्वनिवर्धक, पाणी यांची काळजी घ्यावी, त्याच यादीत आणखी चार ओळी लिहाव्यात. सकाळचा आणि कार्यक्रमापूर्वीचा इशारा कोण पाहणार? थांबण्याचा निर्णय कोण घेणार? माणसे कोणत्या पक्क्या इमारतीत जाणार? तिची किल्ली कोणाकडे आहे? निर्णय घेणाऱ्याचे नाव आधीच ठरलेले असावे, कारण ऐनवेळी प्रमुख पाहुण्यांचे भाषण अर्धवट थांबवण्याचा संकोच सर्वांनाच वाटतो. त्या संकोचापायी जीव जाऊ नयेत. पाहुण्यांनी राग मानू नये. आज मी स्वतःच पाहुणा असल्याने हे अधिकाराने सांगतो.

आता सुरुवातीच्या दोन प्रश्नांची उत्तरे. इशारा कोणी पाहिला नव्हता. पाहिला, तेव्हा आपल्या जिल्ह्याला आज पिवळा रंग होता. वर्गांची किल्ली शिपाईमामांकडे होती आणि ते लग्नासाठी परगावी गेले होते. कार्यकर्त्यांनी मुख्याध्यापकांच्या घरून दुसरी किल्ली आणली आणि हे भाषण सुरू होण्यापूर्वी तळमजल्यावरचे चार वर्ग उघडून ठेवले. माझ्या उजव्या हाताला जे दार उघडे दिसते आहे, ते त्यांपैकी पहिले. गडगडाट ऐकू आला की मी वाक्य अर्धे सोडीन. बहिणींनी आणि मुलांनी आधी, इतरांनी मागून, धावपळ न करता तिकडे जावे.

आज कदाचित काहीच होणार नाही. चारांपैकी तीन गावांत आपण असू आणि चांदण्यात घरी जाऊ. तसे झाले तर अंदाज चुकला असे म्हणू नका, आणि किल्ली आणण्याचे श्रम वाया गेले असेही म्हणू नका. उद्याच्या व्याख्यानालाही वर्ग उघडे ठेवा. घरी गेल्यावर आपल्या बांधावर, आपल्या अंगणात एक फेरी मारा आणि पाऊस आला की आपल्या घरची माणसे कोठे उभी राहतात, ते पाहा. त्या ठिकाणी एखादा आंबा असेल, तर आजच घरातल्या सर्वांना सांगा, की तेथे उभे राहायचे नाही.